सालेमचाचांचं तोडलेलं गाणं

मुरुडच्या धक्क्यावरून लाँच सुटली तेव्हा अब्बा एवढंच म्हणाले, "पोट भर बाबा, पण नाक कापून घेऊ नकोस." अम्मी पदरात तोंड खुपसून उभी होती. मला मात्र कधी एकदा कुवेत गाठतो असं झालं होतं. घरच्या तुम्हा सगळ्यांना वाटायचं, पोरगं तेलाच्या विहिरीवर लागलं. मी लागलो एका फिल्म युनिटात, टेपरेकॉर्डर वाहायला आणि चालवायला. सिनेमातला माणूस! काय ती ऐट माझी.

आज त्या कामाची शिसारी येते.

जुनी कला जपायची म्हणून आमच्या युनिटच्या साहेबानं डॉक्युमेंटरी काढली, इथल्या एका म्हाताऱ्या गवयावर, सालेमचाचांवर. त्यांच्या आजोबांना आफ्रिकेतून पकडून आणून इथं विकलं होतं. चेहरा आपल्या जंजिऱ्याच्या सिद्दींसारखा, त्यामुळे मला ते शेजारचेच वाटायचे. तंबुरा नावाचं, पण आपल्या तंबोऱ्याहून वेगळं, उभं तारांचं वाद्य घेऊन ते गायचे. साथीदार कमरेला बकऱ्याच्या खुरांचा पट्टा बांधून नाचायचा. आजोबांची भाषा आता फक्त त्या गाण्यांतच उरली होती, आणि ती गाणी एकट्या चाचांनाच येत होती. रीत अशी की ऊद जाळून गाणं धरलं की संपेपर्यंत थांबायचं नाही. मधे तोडलं तर पूर्वज रुसतात.

मी साहेबाला आधीच बजावलं होतं. "यस, यस," म्हणाला आणि बुटांसकट चटईवर चढला. गाणं रंगात आलं की "कट!" ढग आला, कट. बूट काढा म्हटलं, तर माझ्यावरच डाफरला. चाचा तरुणपणी गलबतावर होते, त्यांना मुंबई बंदरातली हिंदी येत होती. त्यांनी मला हळूच विचारलं, "इसका कोई मर गया क्या? इतना चिल्लाता है." मला हसू आलं नाही.

पुढं तो सिनेमा साहेबलोकांच्या क्लबात लागला. चाचांचे ओठ हलतायत आणि वर वाजतोय विलायती बँड! मूळ आवाज म्हणे कानाला टोचत होता. माझी टेप पुसून तिच्यावर कुणा मॅनेजरचं भाषण घेतलं होतं. शी! लोक टाळ्या वाजवत होते, मी उठून बाहेर आलो.

चाचा गेल्यावर त्यांची मुलगी मरियम ऑफिसात आली, बापाचा आवाज ऐकायला. तिला तोच सिनेमा दाखवला. ती शेवटपर्यंत कान देऊन बसली, मग बापाकडून उचललेल्या हिंदीत म्हणाली, "अब्बा गाते कब हैं?" साहेब पडद्याकडे बोट दाखवून म्हणाला, "क्लोजअप बघ ना किती मोठा घेतलाय!" थू त्याच्या जपण्यावर.

तुम्ही लिहिता, तिकडचे फोटो पाठव, रेडिओ पाठव. पाठवतो. पण अम्मीची हळदीची गाणी आपल्या पोरींनी तिच्याजवळ बसून शिकून घ्यावीत, पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत. मशीनवर विसंबू नका, मी ते चालवलंय. सुट्टीवर येईन तेव्हा एखादी जरी पोर त्यातलं एक गाणं पुरं म्हणाली, तर मी घरी आलो. नाहीतर मुरुडात माझं नुसतं छप्पर आहे, आणि छप्पर काय, साहेबानं इथंही दिलंय.