सदू ठोंबरे आणि पंचवीस हजार व्होल्ट

सदू ठोंबरे रेल्वेतून निवृत्त झाला तेव्हा कर्जतच्या रुळांवरच्या तारेत दीड हजार व्होल्ट होते. लाकडी शिडीवर उभं राहून चालू तारेला हात घालायचा, हे त्याचं तीस वर्षांचं काम. अंगावर भाजल्याची एक खूण नाही. पुढे सगळी लाइन पंचवीस हजारांवर गेली, हे त्याला ठाऊक होतं. पण पेन्शनरासाठी तो नुसता आकडा होता, पेपरात वाचून सोडून द्यायचा.

मग खालापूर तालुक्यातल्या त्याच्या गावाजवळून नवी लाइन आली, नेमकी गाव आणि देवी यांच्या मधून. रेल्वेने माणसांसाठी भुयारी रस्ता केला. तो माणसांना पुरतो. चैत्रातल्या जत्रेला मात्र देवीची काठी न्यायची असते, आणि ती उभीच न्यायची. काठी आडवी झाली तर देवीच आडवी झाली असं गाव समजतं. भुयारात काठी उभी राहत नाही. उरलं रूळ ओलांडणं.

तारेत वीज सोडल्याची नोटीस ग्रामपंचायतीच्या भिंतीवर लागली. लोकांनी ती वाचली आणि सदूकडे आले, कारण नोटिशीला उलट प्रश्न विचारता येत नाही.

सदूने काठी मापली. तारेची उंची त्याला पाठ होती. मध्ये थोडी जागा राहत होती.

"शिवायचं नाय. शिवली नाय तर तार काय करत नाय," तो म्हणाला.

यंदा काठी धरण्याचा मान त्याच्याच मुलाचा, नीलेशचा. सदूच्या बायकोने, गोदूबाईने, त्याला एवढंच विचारलं, की नक्की ना? तो हसला.

जत्रेच्या दुपारी काठी रुळांच्या भरावावर चढली. अंतर बघायला सदू पुढे जाऊन तारेखाली उभा राहिला, आणि त्याला आवाज आला. बारीक, एकसारखा, गांधीलमाशांच्या पोळ्यासारखा. त्याच्या तारेने तीस वर्षांत कधी तोंड उघडलं नव्हतं.

नीलेश खडीवर पोचला होता आणि काठी नाचवत होता. मान मिळाला की नाचवायचीच असते. ओला बांबू, शेंड्याला पितळी कळस. सदूने हाका मारल्या, त्या ढोलात बुडाल्या. तेव्हा त्याने धावत जाऊन मुलाला मागे ढकललं. काठी भरावाच्या उतारावर आडवी पडली.

ढोल थांबले. तार आता स्पष्ट ऐकू येत होती, पण ऐकायच्या मनःस्थितीत कोणी नव्हतं.

काही झालं नाही, हीच सदूची पंचाईत झाली. ही तार शिवायची वाट बघत नाही, जवळ आलेल्याला स्वतःच ओढते, असं तो सांगत राहिला. लोक म्हणाले, काय करत नाय असं तूच सांगितलंस ना रं? दोन सदूंपैकी पहिला सदू गावाला जास्त अनुभवी वाटला. हिरू भगताने कौल लावला आणि प्रायश्चित्त ठरलं: पुढच्या चैत्रात याहून उंच काठी, त्याच वाटेने, त्याच घराच्या हातून.

सदूने मुलाला विनवून पाहिलं. बापाने आणलेली नामुष्की नीलेशलाच पुसायची होती.

"तुमी तीस वर्सं तारेला हात लावलात, आबा," तो म्हणाला. "तुमाला काय झालं?"

आणि तो बांबू निवडायला गेला.