चौसाळ्यात बांधलेली नाव

ज्या गावात कुणी समुद्र पाहिला नव्हता, तिथे मी नाव बांधायला घेतली आणि सगळं चौसाळा बघायला लोटलं. माझी तर तहानभूक हरपली होती.

आमचं घर सुताराचं. वडील बैलगाड्या बांधत, पार गोदाकाठापर्यंत त्यांच्या गाड्यांना मागणी होती. मी मात्र घरी न सांगता मोगलाई सोडून कोकणात पळालो आणि चार वर्षं गलबतं बांधणाऱ्या एका मिस्त्रीच्या हाताखाली राहिलो. परत आलो तर वडील माझ्याशी बोलेनात. मला काही सांगायचं झालं की ते आमच्या बैलाला सांगत. "त्याला म्हणावं, रंधा जाग्यावर ठिव." बैल शेपटी हलवी, मी रंधा ठेवी. लोकांना गंमत वाटे, मला मात्र ते फार लागे.

अशात गोदाकाठच्या एका गावची नाव फुटली. गावाची निम्मी शेती पलीकडच्या तीरावर, आणि पावसाळ्याआधी नवी नाव हवी. तिथले पाटील वडिलांचं जुनं गिऱ्हाईक. ते सहज बोलून गेले, तर वडिलांनी मला न विचारताच सांगून टाकलं, "माजा लेक बांधील. न्हाई तरली तर पुन्यांदा माज्या हातची गाडी घिऊ नका." हे मी दाराआडून ऐकलं आणि नाचायचाच बाकी राहिलो. माझ्याशी न बोलणाऱ्या माणसाने आपली सगळी पत माझ्यावर लावली होती. ही नाव तरली तर ते माझ्याशी बोलतील, एवढंच माझ्या डोक्यात होतं.

मी बाभळीच्या बनात वाकडी झाडं शोधत हिंडू लागलो. "काहून रं, सरपण कमी पडलं का?" असं एकाने विचारलंच. गाडीला सरळ लाकूड लागतं, वाकडं चुलीत जातं. पण नावेच्या फासळ्या उपजत वाकड्या फांदीतूनच काढाव्या लागतात. सरळ लाकूड कापून वाकडं केलं तर पहिल्या दणक्याला चिरतं. मिस्त्री सांगे, मोठाल्या लढाऊ जहाजांसाठी दर्यापारचे लोक वाकडी झाडं हेरून ठेवत, बाप हेरी आणि नातू तोडी.

किती सांगे तो माणूस! पूर्वी आपल्या किनाऱ्यावर खिळाच नव्हता. फळ्यांच्या कडांना भोकं पाडून त्या काथ्याने शिवत, आणि असली शिवलेली जहाजं थेट अरबस्तान गाठत. लाट आली की लाकूड तिच्याबरोबर लवे. मग लोखंडी खिळे आले. फिरंगी आधी सांगाडा उभा करून वर फळ्या ठोकत. आपले लोक आधी फळीला फळी भिडवून अंग तयार करत आणि मग आतून फासळ्या बसवत. हे सगळं मी येणाऱ्याजाणाऱ्याला ऐकवी. मी आपल्या रीतीने फळ्या भिडवल्या, फटींत कापूस, राळ आणि जवसाचं तेल भरलं. नाव अशी देखणी झाली की मी तिच्यावरून सारखा हात फिरवी.

गाडी घरी बांधायची आणि गिऱ्हाइकाला पोचवायची, हीच आमची रीत. आम्ही नावही तशीच पोचवली. दोन गाड्या एकामागे एक जोडून, वैशाखाच्या उन्हात, बीडवरून गंगेपर्यंत. गोदावरीला आमच्याकडे गंगाच म्हणतात. काठावर पोचलो तर सगळं गाव जमलेलं. नाव पाण्याच्या कडेला उतरवली. मी ऐटीत वरची चादर काढली आणि बघतो तर काय! उन्हाने फळ्या आकसल्या होत्या आणि फटींतून पलीकडची माणसं दिसत होती.

"नाव हाय का पिठाची चाळणी?" पाटील म्हणाले. हशा उसळला. वडिलांची मान खाली गेली. धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं मला झालं. कोकणातल्या ओल्या हवेत माझ्या मिस्त्रीला असलं ऊन कधी भेटलंच नव्हतं, तो तरी काय सांगणार!

तेवढ्यात बरोबर आलेल्या आमच्या गड्याने बैल सोडले आणि दोन्ही गाड्या चाकं बुडतील इतक्या पाण्यात ढकलल्या. प्रवासात चाकं सैल झाली की आमच्याकडे हेच करतात. लाकूड पाणी पितं, फुगतं आणि आरे घट्ट बसतात. मी बघतच राहिलो. मग ओरडलो, "धोंडे आणा! नाव बुडवायची!"

"तरायला आणली का बुडवायला?" पाटील भडकले. "तुमच्या पोराचं डोस्कं फिरलंय."

कुणीच हलेना. तेव्हा वडील पुढे झाले, काठावरचा एक मोठा धोंडा छातीशी धरून आणला आणि नावेत ठेवला. माझ्याकडे पाहिलं नाही. दुसरा आणायला गेले. मग मीही धावलो.

तीन दिवस नाव पाण्याखाली होती आणि तीन दिवस आम्ही बापलेक काठावर बसून होतो. चौथ्या सकाळी धोंडे काढले, पाणी उपसलं आणि तळाकडे पाहत राहिलो. तळ कोरडा! एकही फट पाझरत नव्हती. मी उडीच मारली. पाटलांनी नारळ फोडला, बायकांनी नावेची ओटी भरली, मी शीड चढवलं.

पहिल्या खेपेला वडील न बोलता नावेत चढले. गुडघ्याच्या वर पाण्यात ते जन्मात गेले नव्हते. डोहाच्या मध्यावर शिडात वारा भरला, नाव एका अंगाला कलली आणि अशी सुसाट निघाली की मी आनंदाने किंचाळलो. वडिलांनी माझं मनगट गच्च धरलं. तिथे बैल नव्हता.

"पोरा," ते म्हणाले, "मी लई भ्यालोय. पर तू थांबवू नगंस."

माझ्या डोळ्यांपुढे सगळं धूसर झालं. मी दुसऱ्या हाताने शिडाची दोरी आणखी ओढली.