एका सुपारीची पाठवणी

"हे रडणं एका सुपारीचं हाय, मास्तर. कमी नको, जास्त नको."

असं म्हणून आमचा पेटीवाला अडकित्त्यानं भाजक्या सुपारीचं खांड कातरायचा आणि गालात धरायचा. खांड संपलं की प्रसंग संपला. घड्याळ नव्हतं, आणि असतं तरी पाहिलं नसतं. पेटी वाजवताना गडी डोळे घट्ट मिटायचा. पडद्याकडे पाहिलं की बोटं चुकतात म्हणे!

बावन्न-त्रेपन्नची गोष्ट असेल. नाचणगावात आम्ही तिघा मास्तरांनी उसन्या कॅमेऱ्यावर सिनेमा काढला होता. मुका, बोलता करायची ऐपत कुठली? म्हणून संगीत याचं, तेही पडद्याशेजारी बसून. हसू नका, दोन महिने खपून त्यानं प्रत्येक प्रसंगाला कोरी धून बांधली होती. "उष्टं वाजवत नाई मी."

सगळा जीव ओतला होता लेकीच्या पाठवणीत. पेटीला विटून त्याची बायको रोहण्याला माहेरी निघून गेली होती. "तिले बलावलं हाय. पाठवणी पाहून डोयात पानी आलं, तं वापस येईन. नाई तं मी अन पेटी." हे मात्र तो हसत म्हणाला नाही.

खेळ भरदुपारी, कापसाच्या जिनाच्या गोदामात, खिडक्यांना पोती लावून. ती आली. बायकांत बसण्याआधी जुन्या सवयीनं त्याच्या हातावर सुपारी ठेवून गेली. बुवा असा खूश, की पाठवणीला आपली भाजकी सोडून तीच गालात धरली. ती निघाली दुधात उकडलेली, मऊ. प्रसंग निम्म्यावर असतानाच संपली!

पडद्यावर लेक आईच्या गळ्यात, आणि पेटीतून सुरू झाली पुढची धून: हटून बसलेल्या बैलाची शेपटी पिळतात, ती! गोदामभर हशा. मी ओरडतोय, "अरे बाबा, थांब!" हा डोळे मिटून आणखी रंगात.

शेवटी डोळे उघडले. बैलाच्या जागी रडणारी लेक पाहून त्याचा चेहरा असा उतरला, की मला भडभडून आलं. बायकांच्या बाजूला पाहायची त्याची छाती होईना.

तेवढ्यात तीच उठून आली. पदर तोंडाशी, हसून हसून डोळ्यांना धारा.

"चला घरी. लेक सासरी चालली, अन तुम्ही काऊन नाचवून राह्यले तिले?"

तो उठला. तीन प्रसंग बाकी होते. एकदा मागे वळून पाहील तर शपथ! ती दोघं रस्त्याला लागली, तशी मंडळींनी पोती सारून खिडक्या धरल्या. उन्हात पडद्यावरचं चित्र पार पुसून गेलं. सिनेमा माझा होता, पण खिडकीशी पहिला मीच पोचलो.