ज्वालामुखीच्या पायथ्याशी साडू

घरात पाऊल टाकल्यावर माणसांची विचारपूस न करता तडक परसात जाऊन कढीपत्त्याची विचारपूस करणारा पाहुणा या भूतलावर एकच असणार, आणि तो नेमका माझा साडू असावा ही माझ्या पत्रिकेतली करामत आहे. नात्यानं ते माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान. मंचरला त्यांचं बियाणं, खतं आणि औषधांचं दुकान. औषधं पिकांची, माणसांच्या दुखण्यात त्यांना रस नाही, कारण त्यांच्या मते माणूस फार बोलतो आणि त्यातलं बरंचसं खोटं असतं. "पान खोटं बोलत न्हाई, मास्तर," हे वाक्य मी त्यांच्या तोंडून इतक्यांदा ऐकलंय, की अलीकडे पालकही न्याहाळूनच खातो. मी जुन्नरच्या एका शाळेत भूगोल शिकवतो, म्हणून मास्तर. माझं खरं नाव त्यांना ठाऊक असावं, असा माझा नुसता अंदाज आहे.

सदऱ्याच्या वरच्या खिशात त्यांचं एक भिंग असतं. ते कधी, कुठं आणि कुणापुढं बाहेर काढायचं नाही, याची यादी आक्कांनी, म्हणजे माझ्या मेव्हणीनं, त्यांना लग्नाच्या पहिल्याच वर्षी दिली होती म्हणतात. यादी त्यांनी नीट ऐकली आणि तिच्यातल्या एकूणएक ठिकाणी भिंग काढलं. राजुरीच्या एका लग्नात नवरदेव मांडवाच्या दारात उभा, करवल्या तांब्या घेऊन ताटकळलेल्या, आणि साडू नवरदेवाच्या छातीला जवळजवळ नाक लावून उभे. "रोग लई पसारलाय," त्यांनी शांतपणे जाहीर केलं, "आन् तुमी खुशाल गळ्यात घेतलाय." ते झेंडूच्या हारावरच्या लाल कोळी नावाच्या किडीविषयी बोलत होते. नवरीच्या मामांना मात्र तो जावयाचा वैद्यकीय अहवाल वाटला, आणि त्यांची समजूत काढता काढता मुहूर्त टळला. दुसऱ्या वेळी त्यांच्या दुकानाशेजारच्या शेठजींचे वडील वारले. आम्ही भेटायला गेलो. अंगणात सतरंजीवर सगळे मुकाट बसलेले. साडूंनी बराच वेळ कोपऱ्याकडे पाहिलं आणि एक सुस्कारा सोडून ते म्हणाले, "निचराच व्हत नव्हता. आत पानी साठत गेलं. मग वरनं कितीबी डोस द्या, काय उपेग." शेठजींचे डोळे घळाघळा वाहू लागले. डॉक्टरही जवळजवळ हेच म्हणाले होते. समोरच्या कुंडीत एक डाळिंबाचं झाड वाळून गेलं होतं, हे त्या बैठकीत मला एकट्याला दिसलं. शेठजी अजून सांगतात, की त्या दिवशी एवढ्या मायेनं दुसरं कुणी बोललं नाही.

त्यांची धंदा करण्याची हातोटी तर पाठ्यपुस्तकात घालावी अशी. गिऱ्हाईक रोगट फांदी घेऊन दुकानात यायचं. साडू ती उलटीसुलटी करून पाहायचे आणि म्हणायचे, "औषध नगं. आठ दिस पानी तोड." गिऱ्हाईक खुशीत पायऱ्या उतरायचं. मग आक्का बाजूच्या दारानं बाहेर येऊन त्याला गाठायच्या, मुलाबाळांची चौकशी करायच्या आणि पुढच्या हंगामाचं बियाणं त्याच्या पिशवीत घालूनच त्याला सोडायच्या. एकानं घालवायचं आणि दुसरीनं वळवून आणायचं, या पद्धतीनं ते दुकान इतकं चाललं, की एका औषध कंपनीनं साडूंना उत्कृष्ट विक्रेता ठरवलं. दोन हजार सालानंतरच्या त्या दिवसांत अशा कंपन्यांना आपल्या दुकानदारांना परदेश दाखवण्याचा उमाळा आला होता. साडूंच्या वाट्याला दोन माणसांची सहल आली, तीही एका ज्वालामुखीच्या बेटावर. बेटाचं नाव साडूंना शेवटपर्यंत उच्चारता आलं नाही. ते त्याला "त्ये पल्याडचं" म्हणत. आपणही तेच म्हणू.

आक्कांनी जायला साफ नकार दिला. "दोघंबी गेलो तर दुकान कोन बघंल? आन् ह्यांना एकलं धाडलं तर माघारी कोन आनंल?" दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर म्हणून माझी नेमणूक झाली. मी आढेवेढे घेतले नाहीत. बावीस वर्षं मी फळ्यावर ज्वालामुखी काढत आलो होतो, लाल खडूनं लाव्हा आणि पांढऱ्या खडूनं धूर. आमची शाळा ज्या खडकावर उभी आहे तोही लाव्ह्याचाच. पण तो थंड होऊन इतका काळ लोटलाय, की त्यावर आता फक्त मुलं तापतात. जिवंत, धुमसणारा ज्वालामुखी मी कधी पाहिला नव्हता. तिथल्या पाच दिवसांत त्याच्यासाठी एकच दिवस राखलेला होता. बाकीचे चार दिवस समुद्रात बुडाले असते तरी माझी हरकत नव्हती.

त्या दिवशीचा गाइड तिशीचा, काटकुळा, कायम हसतमुख. हातात मिटलेली निळी छत्री; ती वर केली की चाळीस दुकानदारांनी तिच्यामागे चालायचं. त्यानं बसमध्येच इंग्रजीत बजावलं, की डोंगराचं तोंड दुपारपर्यंतच दिसतं. मग ढग येतात आणि डोंगर झोपतो. तेव्हा कुठं रेंगाळू नका. मी हे साडूंना शब्दशः मराठीत सांगितलं. साडू खिडकीबाहेर पाहत होते. "मिरची," ते म्हणाले. थोड्या वेळानं, "कोबी." आणखी थोड्या वेळानं, घरचं कुणी आजारी असल्यासारखं, "कोबीला मावा."

बस एका तळ्याकाठी दहा मिनिटं थांबली. समोर डोंगराचा पायथा होता. मुख पाहायला अजून वर कड्यावर जायचं होतं. सगळे पाय मोकळे करून बसमध्ये चढले. मोजणी झाली. एक माणूस कमी. तो कोण, हे मला मोजायची गरज नव्हती.

रस्त्याच्या खाली, काळ्या राखेच्या मातीत, कांद्याचं वावर होतं. तिथल्या एका वाफ्यात साडू उकिडवे बसले होते आणि समोर त्यांच्यासारखाच उकिडवा बसलेला एक म्हातारा शेतकरी. दोघं एकच पात धरून भिंगातून पाहत होते. मी हाका मारल्या. गाइडनं छत्री वर केली, खाली केली, पुन्हा वर केली. साडूंनी मान न वळवता सांगितलं, "करपा हाय, मास्तर. आठ दिसांत वावर जाईल." बसमधल्या दुकानदारांची तातडीची सभा भरली. त्यांच्यातल्या निम्म्यांचा जन्म कांद्याच्या वखारीत गेला होता. कांदा बघायला ते समुद्र ओलांडून आले नव्हते. सोबत आलेल्या कंपनीच्या साहेबानं ठरवलं, की बस पुढं जाईल आणि गाइड आम्हा दोघांना मागून टेंपोनं आणेल. बस गेली. खिडक्यांतून बऱ्याच जणांनी माझ्याकडे पाहून हात हलवला. त्यात सहानुभूती कमीच होती.

मग संभाषण सुरू झालं. साडू मराठीत बोलत, मी ते इंग्रजीत सांगत असे, गाइड त्या बेटाच्या भाषेत, आणि म्हाताऱ्याचं उत्तर याच वाटेनं धापा टाकत परत येई. पण साडूंनी एका औषधाचं रासायनिक नाव घेतलं मात्र, आम्हा दोन्ही दुभाष्यांना ओलांडून म्हाताऱ्यानं मान डोलावली, तो झोपडीकडे धावला आणि त्याच औषधाचा रिकामा पुडा घेऊन आला. त्यानं तेच तीनदा फवारलं होतं आणि तरी करपा हटत नव्हता. साडूंनी म्हाताऱ्याच्या तांब्यातल्या पाण्यात बोट बुडवून कांद्याच्या पातीवर थेंब सोडला. पात मेणचट, थेंब मण्यासारखा घरंगळून मातीत गेला. "ह्याचं औषध पातीला लागतच न्हाई. समदं मातीला पाजतोय," साडू म्हणाले. मग त्यांनी खिशातून हॉटेलातल्या न्हाणीघरातली शाम्पूची पुडी काढली, दातानं फोडली, दोन थेंब पाण्यात ढवळले आणि पुन्हा बोट बुडवलं. या वेळी थेंब पातीवर पसरला आणि तिथंच राहिला. म्हाताऱ्यानं आधी पातीकडे पाहिलं, मग साडूंकडे. त्यानं स्वतः बोट बुडवून पाहिलं. तीनदा पाहिलं. मी घड्याळाकडे पाहत होतो. पूर्वेकडून ढग निघाले होते.

म्हाताऱ्यानं आम्हाला कॉफी पाजल्याशिवाय सोडलं नाही. झोपडीबाहेर फळीवर बसलो, तेव्हा समोर डोंगरावरून तळ्यापर्यंत उतरलेला काळ्या दगडांचा एक रुंद पट्टा दिसत होता. मी भूगोलाच्या हिशेबानं त्याची रुंदी ताडत होतो. म्हातारा काहीतरी बोलला. गाइडनं सांगितलं, की याचं गाव त्या दगडांखाली आहे. तो लहान असताना लाव्हा आला. सावकाश आला, म्हणून माणसं वाचली, जनावरं वाचली, दारांच्या चौकटी उचकटून आणता आल्या.

साडूंनी विचारलं, "किती खाली हाय?" कुणी मोजलं नाही, असं उत्तर आलं. साडू कपात पाहत म्हणाले, "त्याला सांगा मास्तर. म्हनावं, आमचं बी खालीच हाय. पान्याच्या."

आंबेगावच्या खोऱ्यात धरण झालं, पाणी चढलं, तिथली गावं उठली, आणि साडू मंचरला आले ते त्याच लोंढ्यात, हे मला आक्कांकडून ठाऊक होतं. त्यांच्या स्वतःच्या तोंडून, इतक्या वर्षांच्या नात्यात, एक अक्षर ऐकलं नव्हतं. मी इंग्रजीत सांगितलं. गाइडला वाटलं माझी चूक झाली. त्यानं पुन्हा विचारलं, आग ना? मी म्हटलं, पाणी. म्हाताऱ्यानं एकच प्रश्न पाठवला. तुम्ही काय काय बाहेर आणलं?

"चौकट आनली," साडू म्हणाले. "कौलं आनली. झाडं न्हाई आनता आली."

याचं भाषांतर करायला मला जरा वेळ लागला. म्हाताऱ्यानं ऐकलं, आणि उठून साडूंच्या कपात आणखी कॉफी ओतली.

आम्ही कड्यावर पोचलो तेव्हा आमचे अडतीस सहप्रवासी धुराच्या पार्श्वभूमीवर एकमेकांच्या खांद्यावर हात टाकून फोटो काढून मोकळे झाले होते. ज्वालामुखी अप्रतिम होता, असं त्यांनी मला एकेकानं येऊन सांगितलं. माझ्यासमोर पांढरा ढग होता. मी कठड्याला धरून तासभर त्या ढगाकडे पाहिलं, बावीस वर्षांच्या खडूची शपथ घालून तो हटायची वाट पाहिली. साडू शेजारी येऊन उभे राहिले. मला वाटलं, आता दिलगिरी व्यक्त करतील. "ढगाळ झालंय," ते काळजीनं म्हणाले, "करपा वाढंल." त्यानंतर मुंबईच्या विमानतळापर्यंत मी त्यांच्याशी बोललो नाही. हे त्यांच्या लक्षात आल्याचा कुठलाही पुरावा नाही.

पुढल्या मे महिन्यात ते एका सकाळी मोटरसायकल घेऊन माझ्या दारात उभे राहिले. कढीपत्ता न बघताच म्हणाले, "चला." कुठं, ते सांगितलं नाही. घोडेगाव मागं टाकून आम्ही धरणाच्या फुगवट्याकडे गेलो, आणि जिथं रस्ता उतरत उतरत सरळ पाण्यात शिरतो तिथं त्यांनी गाडी लावली. समोर सपाट, उन्हानं चकाकणारं पाणी. दुसरं काही नाही. साडू काठावरच्या खडकावर उकिडवे बसले, हात लांब केला आणि सांगू लागले. घरं त्यांनी झाडांवरून सांगितली. पहिल्यांदा चिंच. चिंचेच्या अलीकडं चुलत्याचं घर. मग दोन जांभळी, त्यातली एक आंबट. विहिरीवर उंबर. उंबरापासून सरळ वर गेलं की त्यांचं स्वतःचं घर आणि दारात रायवळ आंबा, साखऱ्या म्हणायचे त्याला. ओढ्याकडच्या फांदीला आधी मोहर यायचा. एका वर्षी तुडतुडे पडले, तेव्हा वडलांनी राखेचा धुरळा मारून तो वाचवला. ते अर्धा तास बोलत होते. इतकं सलग मी त्यांना कधी बोलताना ऐकलं नव्हतं. भिंग खिशातच होतं.

मग त्यांचा हात पुन्हा साखऱ्याच्या जागेवर येऊन थांबला. "त्यो काय. दिसला का, मास्तर?"

मी त्यांच्या बोटाच्या रेषेत नीट पाहिलं. वाऱ्यानं पाण्यावर एक बारीक सुरकुती उठली आणि गेली.

"दिसला," मी म्हटलं.