तेइझो उत्सुगीचा हुंदका

तेइझो उत्सुगी स्वतःला मोठा नट समजायचा. तोक्योच्या रंगभूमीवर उभी जवानी घालवून त्याच्या वाट्याला आले ते पहारेकरी आणि दुसऱ्या अंकात मरणारे काका. पण चालायचा असा, की सम्राटच दौऱ्यावर निघालेत.

आमच्या स्टुडिओत एका कार्टून सिनेमाला आवाज द्यायचे होते. त्याच्याकडे म्हातारं अस्वल आलं, माझ्याकडे त्याचं पिल्लू. पहिल्याच दिवशी मला म्हणाला, "चित्रांच्या तोंडात शब्द कोंबायचे, हे काय नटाचं काम आहे? पण कलावंताला कधी कधी खाली उतरावं लागतं, तोमी."

"सांभाळून उतरा," मी म्हटलं, "जिना निसरडा आहे."

शेवटी पिल्लू बर्फात मरतं आणि अस्वल रडतं, असा प्रसंग होता. पडद्यावर अस्वल तोंड उघडायचं आणि उत्सुगी नुसतं हू-हू करायचा. दिग्दर्शक किक्कावा शांत माणूस, पण तोही वैतागला. "उत्सुगी-सान, ते रडतंय. त्याला उचकी लागलेली नाही."

उत्सुगीने कागद आपटले. संध्याकाळी नाटकाचा प्रयोग आहे म्हणून निघून गेला. प्रयोग कसला, स्टेशनासमोरच्या गुत्त्यात साके पीत बसला होता.

किक्कावाने माझ्याकडे पाहिलं. "तुला जमेल?"

कँटीनमधून भाताचं रिकामं लाकडी भांडं आणलं, त्यात तोंड घातलं आणि घोगऱ्या आवाजात रडले. भाताला लावलेल्या व्हिनेगरचा वास नाकात गेला, त्याचीही मदत झाली. किक्कावा म्हणाला, "झालं. घरी जा."

सिनेमा तुफान चालला. त्या रडण्यावर सगळा देश रडला. मासिकवाले उत्सुगीकडे धावले, तर हा पठ्ठ्या डोळे मिटून सांगतो, "तो हुंदका माझ्या दिवंगत आईसाठी होता." आई सेंदाईत धडधाकट होती, बाजारात लोणची विकत होती. पुढच्या भेटीत मी मुद्दाम विचारलं, "आई कशा आहेत?"

"बरी आहे," म्हणाला. लाज वाटायला ती असावी लागते.

मग तो सेन्सेई झाला. गुरुजी म्हटल्याशिवाय वळून बघेना. बऱ्याच वर्षांनी तो सिनेमा पुन्हा लागला आणि आम्हा दोघांना व्यासपीठावर बसवलं. प्रेक्षकांतल्या एक बाई उठल्या. "सेन्सेई, एकदा तसं रडून दाखवाल?"

त्याने छातीवर हात ठेवला. "बाई, खरं रडणं माणूस आयुष्यात एकदाच रडतो."

टाळ्या पडल्या. मला राहवेना. मी माइक ओढला आणि सांगितलं, "ते रडणं माझं होतं."

मग उत्सुगीने माझ्या खांद्यावर थोपटलं. "तोमी-चान त्या प्रसंगात मेलेली असते. मेलेल्यांचं काय मनावर घ्यायचं?"

सभागृह खदाखदा हसलं. मघाच्या त्या बाईंनी हसता हसता डोळे पुसले. त्या दिवशी मला त्याच्यापेक्षा त्या लोकांचीच जास्त कीव आली. त्यांना अस्वल नको होतं, अस्वलाचा दरवेशी हवा होता.

पुढे त्याने आवाजाची शाळा काढली. अस्सल रडणं शिकवतो म्हणे. माझी भाची माझं न ऐकता तिथे दाखल झाली. थोड्याच दिवसांत ती मीठ मागतानाही उसासे टाकू लागली. तिच्या आईने तिला शिवणाच्या क्लासला घातलं. तिथे तिचा हात चांगला बसलाय.