खिडक्यांभोवतीच्या फळ्या

आमचं घर झरीच्या वाटेवर आहे, तलासरीपासून फार लांब नाही. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते, माझे मिस्टर डहाणूला रेल्वेत आहेत. घर बांधलं आणि थोड्याच वर्षांत आमच्या भागात भूकंपाचे धक्के सुरू झाले. फार मोठे नव्हेत, पण थांबायचं नाव नाही. मांडणीवरची भांडी वाजायची आणि दर खेपेला खिडक्यांच्या कोपऱ्यांतून भिंतीला तिरप्या भेगा पडायच्या. गवंडी येऊन प्लास्टर करून जायचा, पुढच्या धक्क्याला ते परत सुटायचं. एकदा स्वयंपाकघराच्या खिडकीवरचा मोठा पोपडा बाहेरच्या अंगाला कोसळला. खाली मी मिरच्या वाळत घालत होते, नुकतीच सूप आणायला आत गेले होते, म्हणून वाचले.

त्याच रविवारी थोरले दीर वापीहून आले. ते माझ्याशी थेट बोलत नाहीत, माझ्यादेखत ह्यांना सांगतात.

"तिला समजाव. रेल्वेचं क्वार्टर मिळतंय तर घेऊन टाका. ह्या घरात आता काही राम नाही."

मी म्हणाले, "दादा, इंजिनिअर बघून गेलेत. कॉलम-बीम शाबूत आहेत. पडतंय ते प्लास्टर. तेवढ्यासाठी मी घर सोडणार नाही."

"मग काय करणार?" हेही त्यांनी भावालाच विचारलं.

"खिडक्यांभोवतीचं प्लास्टर काढून तिथं लाकडी फळ्या लावणार. फळी हलेल, पण फुटून डोक्यावर येणार नाही."

दीर हसले. पक्क्या घराला फळ्या मारल्या तर लोकांना टपरी वाटेल, म्हणाले. खरं तर तोवर माझं असं काहीच ठरलेलं नव्हतं. तोंडातून निघून गेलं होतं. त्यांच्या हसण्यानं ते पक्कं झालं.

अच्छाडला हायवेलगत जुन्या लाकडाची वखार आहे. तिथून मोडलेल्या घरांचं सागवान आणलं. सुताराने मशीनवर फळ्या कापून दिल्या, पण मान हलवत राहिला. "बेन, असं काम इकडं कोणी करत नाय. शीट लावा, चमकेल." फळ्या लावायला येतो म्हणाला आणि आज-उद्या करत राहिला. शेवटी दिवाळीच्या सुट्टीत मीच छिन्नी-हातोडी घेऊन शिडीवर चढले.

हे थोडा वेळ ओट्यावरून बघत होते. मग, "अगं, पडशील," म्हणत शिडी धरायला आले. शिडी धरता धरता त्यांच्याही हातात हातोडी आली.

सुटं प्लास्टर काढलं. विटांवर उभ्या पट्ट्या स्क्रूने बसवल्या. फळ्यांना मागून डांबर फासलं आणि खालून वर एकेक आडवी फळी लावत गेलो, वरचीची कड खालचीवर येईल अशी, म्हणजे पाणी बाहेरच्या बाहेर निघून जावं. चौकट आणि फळ्या यांच्यात मी बोटभर फट ठेवायला सांगितली.

"फट कशाला? पाणी शिरेल," हे म्हणाले.

"भिंत हलली की फळीला हलायला जागा नको? वरून बारीक पट्टी मारू."

रस्त्याने जाणाऱ्या, माझ्या शाळेतल्या मुलांच्या आया थांबून विचारायच्या, "बाई, सुतारकी कधी शिकलात?"

"शिकतेच आहे," मी म्हणायचे.

पहिली खिडकी झाली, तिच्यावर बादलीभर पाणी मारून पाहिलं, तर सगळं आत, स्वयंपाकाच्या ओट्यावर. खिडकीच्या डोक्यावर वाकवून बसवलेली पत्र्याची पट्टी आम्ही फळीच्या वरून ठोकली होती. पाणी तिच्या मागून उतरत होतं. ह्यांचं तोंड उतरलं. सुताराला बोलावू या म्हणाले. मी नाही म्हटलं. वरच्या फळ्या उतरवल्या, पत्रा वरच्या फळीच्या मागे सरकवला आणि परत स्क्रू मारले. दुसऱ्यांदा पाणी मारलं. आत टिपूस नाही.

थंडीत एका दुपारी नेहमीपेक्षा जोराचा धक्का आला. आम्ही दोघं धावत अंगणात आलो. फळ्या करकरताना ऐकू आल्या. धक्का थांबल्यावर घराला फेरी मारली. एक बारीक पट्टी निसटून लोंबत होती, बाकी सगळं जागच्या जागी. ह्यांनी स्क्रू ड्रायव्हर आणून ती परत बसवली. संध्याकाळी रेल्वेच्या ऑफिसात फोन करून त्यांनी क्वार्टर नको असल्याचं कळवलं. मला विचारलंही नाही. मी दुसऱ्या खोलीतून ऐकत होते आणि मला फार बरं वाटलं.

पावसाळ्यात खालच्या दोन फळ्या फुगल्या आणि एका खिडकीची झडप लागेना. रंधा मारून ती बसवली. आतून भिंतीला भेगा अजून पडतात. धक्का आला की बाहेर पळायचं, हे मी शाळेत मुलांना शिकवते आणि स्वतःही पळते. पण थांबला की आम्ही परत आत येतो. घर आमचं आहे.