पावणेदहा ते अकरा वीस

इस्पितळाच्या धुलाईखान्यात आक्कानं उभ्या उभ्या आयुष्य काढलं. तापलेल्या इस्त्रीच्या यंत्रात ओल्या चादरी सरकवायच्या, पलीकडून सुकलेल्या ओढून घड्या घालायच्या. गुडघे आधी नुसते कुरकुरायचे, आता उघड भांडायला लागले होते.

अशात खिडकीतली खुर्ची रिकामी झाली. बसून करायचं काम. कपडे आत कधी गेले, बाहेर कधी आले, मधे किती वेळ गेला, ते लिहायचं. पण आधी परीक्षा द्या म्हणे, आणि परीक्षेत वेळेची गणितं. आक्काची शाळा तर तिसरीतच सुटलेली.

“मी शिकवते ना, आई,” सून म्हणाली. सासूला शिकवायची संधी कोणती सून सोडेल!

संध्याकाळी भाजी निवडता निवडता शिकवणी सुरू झाली.

“एक मावशी आठ पन्नासला घरून निघाल्या, सव्वाअकराला बहिणीकडे पोचल्या. किती वेळ लागला?”

“इतका उशीर? वाटेत कोणी भेटलं असणार.”

“कोणी भेटलं नाही, आई.”

“मग रस्ता चुकल्या असतील.”

“मावशींच्या चौकश्या नकोत. दिलंय तेवढंच बघा.”

आक्कानं नेटानं पाटीवर वजाबाकी मांडली. उत्तर आलं, दोन तास पासष्ट मिनिटं.

“अहो, तासाची मिनिटं साठ! तुम्ही हातच्याला शंभर घेतलेत.”

“घेतले तर घेतले. जास्तच दिलेत ना? कमी तर नाही!”

सून पोट धरून हसली. मग तिनं पाटी बाजूला सारली. “वजाबाकी राहू दे. मावशींबरोबर चालत जा. आठ पन्नासवरून नऊपर्यंत?”

“दहा मिनिटं.”

“नवापासून अकरा?”

“दोन तास. आणि वर पंधरा मिनिटं... दोन तास पंचवीस!” आक्का सुनेकडे बघतच राहिली. “एवढंच होतं होय? मग शाळेत मला मारलं कशाला गं?”

सुनेनं लगेच पुढचं गणित घातलं.

परीक्षेत प्रश्न आला तो नेमका धुलाईखान्यातलाच. चादरी पावणेदहाला धुण्याच्या यंत्रात टाकल्या, अकरा वीसला काढल्या. किती वेळ लागला? आक्काचा हात अडला. चादरींना पाऊण तास पुष्कळ झाला. मधे वीज गेली, की यंत्रावरची बाई गप्पा छाटत बसली? तिनं ‘पाऊण तास’ लिहूनही टाकलं.

मग थांबली. जन्मभर सगळ्यांनी तिला उशीर का झाला हेच विचारलं होतं. घरी सासूनं, इथे मुकादमानं. किती झाला, एवढंच विचारणारं हे पहिलंच माणूस, आणि तेही कागदावरचं. तिनं लिहिलेलं खोडलं. पावणेदहावरून दहापर्यंत गेली, दहावरून अकरा, तिथून वीस मिनिटं पुढे. एक तास पस्तीस मिनिटं.

मुकादमानं कागद बघून मान डोलावली. “सोमवारपासून खिडकीत बसा.”

सोमवारी दुपारी यंत्रावरची बाई चादरींचा ढीग घेऊन धापा टाकत आली. “आक्का, उशीर झाला, पण ऐका तरी, त्याचं काय झालं...”

“पाणी पी आधी,” आक्का म्हणाली. आत गेलेली वेळ, बाहेर आलेली वेळ आणि मधली मिनिटं तिनं लिहिली. ‘का’ हा प्रश्न जिभेच्या टोकावर येऊन बसला होता. तो तिनं गिळला, आणि खुर्चीत जरा ऐसपैस मागे टेकली.